मुलगा कॉर्नरबॅक खेळतो, पुढे काय? एका पालकाच्या प्रश्नाला सविस्तर उत्तर

आधी तुमचा प्रश्न थोडक्यात मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. मुलगा न्यू जर्सीत पब्लिक हायस्कूलला दहावीत आहे. उंची ५ फूट १० इंच, वजन १५८ पौंड. अमेरिकन फुटबॉलमध्ये ज्युनिअर व्हर्सिटीत, म्हणजे शाळेच्या दुसऱ्या संघात, कॉर्नरबॅक खेळतो आणि कोच पुढच्या वर्षी व्हर्सिटीत, म्हणजे मुख्य संघात, घेऊ म्हणतात. त्याला कॉलेजात खेळायचंय, ‘जमलं तर एनएफएल’, म्हणजे व्यावसायिक लीग. तुम्हा दोघांना इंजिनिअरिंग सुटू नये असं वाटतं, डोक्याला लागण्याची धास्ती आहे, आणि लगेचचा निर्णय म्हणजे या वसंतात त्याला ट्रॅक, म्हणजे शाळेच्या संघातून धावणं, करू द्यायचं की सेव्हन-ऑन-सेव्हन (सात-सात जणांचा, फक्त पासचा खेळ) क्लबची फी भरायची.

यात एनएफएलचा प्रश्न सगळ्यात मोठा दिसतो, पण त्याचं उत्तर आज मिळणार नाही आणि त्यावाचून काही अडतही नाही. दहावीतल्या मुलाकडे बघून ‘हा प्रो होणार’ असं छातीठोक सांगणारा माणूस बहुधा काहीतरी विकत असतो. अमेरिकेत दहा लाखांहून जास्त मुलं हायस्कूल फुटबॉल खेळतात. त्यातली साधारण सात टक्के एनसीएएच्या, म्हणजे कॉलेज क्रीडा संघटनेच्या, कुठल्या ना कुठल्या डिव्हिजनला (गटाला) पोचतात, आणि तिथून ड्राफ्टला, म्हणजे एनएफएल संघांच्या वार्षिक निवडीला, पात्र ठरलेल्यांपैकी दीड टक्क्याच्या आसपास व्यावसायिक होतात. म्हणजे कॉलेजात खेळणं हे अवघड पण वाजवी ध्येय आहे, आणि एनएफएलवर भरवसा ठेवून आखणी करणं हा जुगार. तुमच्या हातात आहेत ती पुढची दोन वर्षं. त्यात तीन गोष्टी बघायच्या: तो योग्य गोष्टी शिकतोय का, शरीर धड राहतंय का, आणि मार्कांमुळे कुठलं दार बंद होत नाही ना.

डिफेन्सिव्ह बॅक, बोलीत डीबी, म्हणजे बचावाची शेवटची फळी. कॉर्नरबॅक कडेला, रिसीव्हरच्या म्हणजे पास पकडणाऱ्याच्या समोर. सेफ्टी मागे, मधोमध. आणि आतल्या रिसीव्हरवर जो येतो तो निकेल, म्हणजे पाचवा डीबी. पूर्वी निकेल हा खास प्रसंगी आणायचा खेळाडू होता. आता एनएफएलमध्ये निम्म्याहून जास्त डावांत पाच डीबी मैदानात असतात. तुमच्या मुलासाठी ही चांगली बातमी आहे. पाच फूट दहाचा, चपळ आणि टॅकलला, म्हणजे बॉलवाल्याला धरून पाडायला, न बिचकणारा मुलगा निकेलला चपखल बसतो, आणि कॉलेजांना असे खेळाडू दर वर्षीच्या भरतीत लागतात.

वेगाचं काय, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण ओघाने येणारच. डीबीला वेग लागतो, त्यात वाद नाही. पण वेग हा प्रवेशपरवाना आहे, नोकरी नव्हे. २०२२ च्या कम्बाइनमध्ये, म्हणजे ड्राफ्टआधीच्या चाचणी शिबिरात, बेलर विद्यापीठाचा कॉर्नरबॅक केलॉन बार्न्स ४० यार्ड ४.२३ सेकंदांत धावला, आणि तरी ड्राफ्टच्या सातव्या म्हणजे शेवटच्या फेरीत गेला. उलट रिचर्ड शेरमन. स्टॅनफर्डला रिसीव्हर म्हणून आलेला, चाळीस यार्डांना साडेचार सेकंदांहून जास्त घेणारा, २०११ मध्ये पाचव्या फेरीत १५४ वा निवडला गेलेला. पुढच्याच वर्षापासून सलग तीन मोसम तो ऑल-प्रो, म्हणजे लीगमधल्या सर्वोत्तमांच्या, संघात होता. लांब हात, रूट म्हणजे रिसीव्हरची धावण्याची ठरलेली वाट ओळखणारे डोळे आणि कोणावर कसं खेळायचं याचा अभ्यास, ही त्याची पुंजी. तेव्हा घरी स्टॉपवॉच घेऊन चाळीस यार्ड मोजत बसू नका. हातातल्या घड्याळाचे आकडे कॉलेजचे कोच मनावर घेत नाहीत. ट्रॅक मीटमधली १०० मीटरची इलेक्ट्रॉनिक वेळ घेतात.

आता शिकायच्या गोष्टी. यावर मी जरा रेंगाळणार आहे, कारण पालक स्टँडमधून इंटरसेप्शन, म्हणजे समोरच्यांचे पकडलेले पास, मोजतात आणि कोच पाय बघतात.

पहिली गोष्ट मागे धावणं, म्हणजे बॅकपेडल. छाती गुडघ्यांच्या वर, नाक पायाच्या बोटांच्या वर, पावलं छोटी आणि जमिनीलगत. रिसीव्हर वळला की डीबीला एक पाय रोवून पुढे झेपावायचं असतं. हा रोवलेला पाय कमरेच्या बरोबर खाली पडला पाहिजे, आणि तोही आडवा, म्हणजे आतल्या कडेने जमीन ढकलता येते. पाय कमरेच्या मागे लांब पडला की घसरतो. मुलं आणखी एक करतात: थांबताना सरळ उभी राहतात. खांदे चार इंच वर गेले की पुढचं पाऊल टाकायला आधी पुन्हा खाली बसावं लागतं, आणि तेवढ्यात हिच रूटवर (थोडं धावून थांबत मागे वळणं) रिसीव्हरचा बॉल पकडून झालेला असतो. सरावाचा व्हिडिओ हळू चालवून त्याच्या हेल्मेटची उंची बघा. मागे जाताना आणि पुढे निघताना ती एकाच पातळीवर राहत असेल तर पाय नीट घडताहेत.

दुसरी गोष्ट प्रेस, म्हणजे रिसीव्हरच्या समोर एका यार्डावर उभं राहून त्याला सुरुवातीलाच अडवणं. इथे नव्या मुलांची हमखास चूक म्हणजे हात मारायची घाई. पाय जागेवर, धड पुढे झुकलेलं, आणि रिसीव्हर बगलेतून पसार. क्रम उलटा हवा: आधी पाय, मग हात. रिसीव्हर ज्या बाजूला निघेल त्या बाजूला आखूड पावलाने सरकायचं, जागा थोडी थोडी सोडायची, आणि विरुद्ध हात त्याच्या छातीवर लावायचा. रिसीव्हर माझ्या उजवीकडे निघाला तर माझा डावा हात. कारण सोपं आहे. त्याच बाजूचा हात मारला तर कंबर अडकते, आणि त्याच्याबरोबर वळून धावता येत नाही. नजर कुठे ठेवायची हे कबड्डी खेळलेल्यांना सांगावं लागत नाही: चढाईवाल्याचे हात आणि डोळे फसवतात, कंबर फसवत नाही. इथेही तेच, फक्त कमरेला जर्सी खोचलेली असते.

तिसरी गोष्ट नजरेची शिस्त, आणि इथेच बहुतेकांचं अडतं. मॅन कव्हरेजमध्ये, म्हणजे एकाच रिसीव्हरला चिकटून राहायचं तेव्हा, नजर रिसीव्हरवर. झोनमध्ये, म्हणजे मैदानाचा ठरलेला भाग राखायचा तेव्हा, नजर बॉल फेकणाऱ्या क्वार्टरबॅकवर, आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून रिसीव्हर. कव्हर थ्री हा झोनचा प्रकार घेतला तर कॉर्नर सात-आठ यार्ड मागे उभा असतो आणि त्याच्याकडे मैदानाचा खोल एक-तृतीयांश हिस्सा असतो. मैदानाची रुंदी ५३ यार्ड १ फूट, म्हणजे त्याच्या वाट्याला सुमारे अठरा यार्डांचा पट्टा. पहिल्या काही पावलांत तो क्वार्टरबॅकची चाल वाचतो. क्वार्टरबॅकने तीनच पावलं मागे जाऊन बॉल सोडायची तयारी केली तर पाच-सहा यार्डांवरचा हिच किंवा स्लँट (तिरका आत) येणार. त्याहून मागे गेला तर बारा-पंधरा यार्डांचे रूट: कर्ल (मागे वळणारा), आउट (बाहेर), डिग (आत), किंवा थेट खोल, गोलपोस्टकडे तिरका जाणारा पोस्ट. मग नजर रिसीव्हरकडे. दोन कामं एकाच वेळी करायला गेलेला मुलगा डबल मूव्हवर सापडतो: रिसीव्हर थांबल्याचं दाखवतो, हा बॉलच्या आशेने पुढे झेपावतो, आणि तो मागून मोकळा निघून जातो.

रिसीव्हर कुठे उभा आहे यावरूनही बरंच कळतं. मैदानावरच्या यार्डांच्या आकड्यांच्या बाहेर, साइडलाइनला चिकटून उभा असेल तर बाहेर वळायला त्याला जागाच नसते. आतले रूट जास्त येणार. आत दाटून उभा असेल तर बाहेर वळणारे. स्नॅपआधीच्या, म्हणजे बॉल खेळात येण्याआधीच्या, या दोन सेकंदांत जो मुलगा शक्यता दहावरून तीनवर आणतो तो प्रत्यक्षाहून वेगवान दिसतो.

चौथी गोष्ट, बॉल हवेत असताना काय करायचं. हा डीबीच्या धंद्यातला सगळ्यात महागडा क्षण. नियम असा शिकवतात: धावताना तुमचा खांदा रिसीव्हरच्या खांद्याला लागत असेल, कंबर कमरेला लागून असेल, तर तुम्ही ‘इन फेज’ आहात. तेव्हा त्याच्यावर किंचित रेलायचं, मान वळवायची आणि बॉल शोधायचा; आता बॉल जितका त्याचा तितका तुमचा. पण तुम्ही एक-दोन यार्ड मागे असाल तर मागे वळून बघायचंच नाही. वळलात की वेग तुटतो आणि दोन यार्डांचे चार होतात. तेव्हा रिसीव्हरचे डोळे आणि हात बघायचे. त्याचे डोळे मोठे होतात, हात वर येतात, त्या क्षणी आपला हात त्याच्या दोन हातांच्या मधून वरून खाली आणायचा. मागे असलेला मुलगा घाबरून जर्सी धरतो किंवा बॉल यायच्या आधीच अंगावर जातो, आणि पिवळा फ्लॅग पडतो. हायस्कूलला पास इंटरफिअरन्सचे, म्हणजे पास पकडताना आडकाठी केल्याचे, १५ यार्ड जातात. कॉलेजात जास्तीत जास्त १५ यार्ड आणि वर फर्स्ट डाउन, म्हणजे समोरच्यांना नव्याने चार प्रयत्न (डाउन). एनएफएलमध्ये चूक जिथे झाली तिथेच बॉल ठेवतात. पन्नास यार्डांवर झाली तर पन्नास यार्ड. शिवाय तिथे १९७८ पासून रिसीव्हरला पाच यार्डांच्या पुढे अडवता येत नाही. हायस्कूलमध्ये धरपकड करून निभावून नेणारा मुलगा म्हणूनच वर जाता जाता गळतो.

हे सगळं एकत्र जुळलं की काय होतं, त्याचा नमुना सुपर बोल ४९, म्हणजे एनएफएलचा अंतिम सामना. १ फेब्रुवारी २०१५, ॲरिझोनातलं ग्लेनडेल. सिएटल गोलरेषेपासून एका यार्डावर, दुसरा डाउन, अर्ध्या मिनिटाहून कमी वेळ उरलेला. उजवीकडे दोन रिसीव्हर एकामागे एक. पुढच्याने न्यू इंग्लंडच्या डीबीच्या वाटेत यायचं आणि मागच्याने आत घुसायचं, असा तो डाव. समोर उभ्या ब्रँडन ब्राउनरने पुढच्या रिसीव्हरला जागच्या जागी थोपवलं, त्यामुळे वाट अडलीच नाही. माल्कम बटलर मागून बॉलच्या दिशेने सरळ सुटला आणि रिसीव्हरच्या आधी तिथे पोचला. इंटरसेप्शन त्याच्या नावावर आहे, पण निम्मं श्रेय ब्राउनरच्या प्रेसचं. त्या आठवड्यात सरावात हाच डाव बटलरवर चालून गेला होता, म्हणून खऱ्या सामन्यात ती मांडणी दिसताच त्याने ती ओळखली. बटलर वेस्ट अलाबामा या डिव्हिजन दोनच्या कॉलेजातून आलेला, ड्राफ्टमध्ये कोणीच न घेतलेला खेळाडू होता.

पाचवी गोष्ट टॅकल. तिच्यावर तुमची काळजीही अवलंबून आहे, म्हणून दोन्ही एकत्र सांगतो.

कॉलेजचे कोच कॉर्नरचा व्हिडिओ बघताना इंटरसेप्शननंतर लगेच टॅकल शोधतात, कारण टॅकल टाळणारा कॉर्नर समोरच्या संघाला हेरायला एक सामना पुरतो. मग सगळे डाव त्याच्या बाजूने येतात. बरोबर टॅकल अशी: नजर बॉलवाल्याच्या जवळच्या कमरेवर, शेवटच्या दोन-तीन यार्डांत पावलं आखूड पण थांबायचं नाही, त्याच्या ज्या बाजूला आपण आहोत त्याच बाजूचा पाय आणि तोच खांदा पुढे. डोकं त्याच्या शरीराच्या मागच्या बाजूला, त्याच्या वाटेत कधीही नाही. हनुवटी वर, डोळे उघडे. दोन्ही हातांनी मांड्या आवळायच्या आणि पाय चालते ठेवायचे. रग्बीत असंच करतात आणि २०१४ पासून सिएटल सीहॉक्सने हीच पद्धत व्हिडिओ काढून शाळांपर्यंत पोचवली. यात काय बिघडतं? दमलेला मुलगा मान खाली घालतो. हेल्मेटचा माथा पुढे येतो, आणि मानेचा कणा सरळ रेषेत आला की धक्का थेट मणक्यांवर जातो. मानेच्या गंभीर दुखापती अशाच होतात. कॉलेजात २०१३ पासून टार्गेटिंगसाठी, म्हणजे डोक्याने किंवा डोक्यावर जोरात धडकल्याबद्दल, खेळाडूला बाहेर काढतात, एनएफएलनेही २०१८ मध्ये डोकं खाली घालून धडकण्यावर नियम आणला.

धोका मात्र नियमांनी संपत नाही, हे स्पष्टच सांगतो. बॉस्टन विद्यापीठाच्या २०१७ च्या अभ्यासात माजी एनएफएल खेळाडूंच्या दान केलेल्या १११ मेंदूंपैकी ११० मध्ये सीटीई हा मेंदू झिजवणारा आजार आढळला. मेंदू दान करणारी कुटुंबं बहुतेक आधीच लक्षणांनी हैराण झालेली असतात, त्यामुळे यावरून ‘शंभरातल्या नव्याण्णवांना होतो’ असा अर्थ काढता येत नाही. पण डोक्याला बसणारे छोटे छोटे धक्केही वर्षानुवर्षं साठतात ही चिंता खरी आहे. डीबीला लाइनमनइतके (पुढच्या रांगेत प्रत्येक डावात भिडणारे) धक्के रोज बसत नाहीत. जे बसतात ते पूर्ण वेगातले असतात. किती धोका पत्करायचा हा शेवटी तुमच्या घराचा निर्णय आहे. तो मी किंवा कोच घेऊ शकत नाही.

तुमच्या हातात आहे ते तपासणं. न्यू जर्सीत २०१९ पासून मोसम सुरू झाल्यावर पूर्ण संपर्काचा सराव आठवड्याला फक्त १५ मिनिटं करता येतो. देशात हा नियम फार कडक समजला जातो. तुमच्या शाळेत तो पाळतात का, ते मुलाला सहज विचारा. सराव आणि सामना दोन्हीला प्रमाणित ॲथलेटिक ट्रेनर हजर असतो का? मोसमाआधी कन्कशनची, म्हणजे मेंदूला बसणाऱ्या धक्क्याची, बेसलाइन चाचणी (नंतर तुलना करायला) होते का? संशय आला की त्या दिवशी खेळ बंद, आणि नंतर डॉक्टरांच्या परवानगीने टप्प्याटप्प्याने परत, प्रत्येक टप्प्याला किमान २४ तास; ही पद्धत लेखी आहे का? एईडी, म्हणजे हृदयाला विजेचा झटका देणारं यंत्र, मैदानाजवळ आहे की कुलूपबंद जिममध्ये? २ जानेवारी २०२३ ला बफेलोचा सेफ्टी डामर हॅमलिन एका साध्या दिसणाऱ्या टॅकलनंतर हृदय बंद पडून कोसळला. छातीवर नेमक्या क्षणी बसलेला आघात हे कारण. मैदानावरच लगेच सीपीआर आणि विजेचा झटका मिळाला म्हणून तो वाचला आणि पुढच्या मोसमात परत खेळला. यातल्या एखाद्या प्रश्नावर शाळेने ‘बघतो, सांगतो’ केलं तर पिच्छा सोडू नका.

वजनाबद्दल. १५८ पौंडांवर व्हर्सिटीत टॅकल करता येते, पण कॉलेजला साधारण १७५ ते १९० लागतील. दोन वर्षांत पंधरा-वीस पौंड वाढणं या वयात नैसर्गिक आहे, घाई नको. घरचं जेवण शाकाहारी असेल तरी अडत नाही. दूध, दही, पनीर, डाळी, अंडी चालत असतील तर अंडी, आणि मुख्य म्हणजे सरावानंतरचं जेवण न चुकवणं. पावडरी आणि ‘बूस्टर’ लांब ठेवा. जिममध्ये मांडीच्या मागच्या स्नायूंवर भर हवा, कारण डीबीच्या दुखापतींत हॅमस्ट्रिंगचा पहिला नंबर. घोटा आणि मानेचे व्यायामही हवेत. बेंच प्रेसचं कौतुक मित्रमंडळींपुरतं.

आता डीबीचं करिअर पुढे कसं जातं. या जागेचं गुपित असं की जे टिकतात ते बहुतेक जागा बदलून टिकतात. तुमच्याच राज्यातली उदाहरणं घ्या. जेसन आणि डेव्हिन मॅकॉर्टी हे जुळे भाऊ मॉन्टव्हेलच्या सेंट जोसेफ रीजनल शाळेतून रटगर्स विद्यापीठाला गेले. जेसन २००९ मध्ये सहाव्या फेरीत गेला, डेव्हिन २०१० मध्ये पहिल्या फेरीत २७ वा. डेव्हिनने पहिल्याच मोसमात कॉर्नर म्हणून सात इंटरसेप्शन घेतले, दुसरा मोसम खराब गेला, आणि २०१२ मध्ये संघाने त्याला सेफ्टीला हलवलं. तिथे तो २०२२ पर्यंत खेळला, तीन सुपर बोल जिंकला. सहाव्या फेरीतला भाऊही तेरा मोसम टिकला. लोगन रायन, तोही न्यू जर्सीचा आणि रटगर्सचा, कॉर्नर म्हणून लागला आणि नंतर सेफ्टी झाला. वयाबरोबर पहिल्या दहा यार्डांतला वेग थोडा उतरतो, समोरच्यांची चाल वाचण्याची नजर मात्र वाढत जाते. सेफ्टीला नेमकी तीच लागते. म्हणून पुढच्या वर्षी कोच मुलाला सेफ्टी किंवा निकेल खेळ म्हणाले तर घरात सुतक धरू नका. कॉर्नरचा मान गेला असं मुलांना वाटतं. प्रत्यक्षात त्याची किंमत वाढते.

कोचना एक विचारून ठेवा: त्याला कुठल्या बाजूला ठेवताय? हायस्कूलच्या मैदानावर हॅश मार्क, म्हणजे लांबीच्या दिशेने आखलेल्या छोट्या खुणांच्या दोन ओळी, मैदानाचे तीन सारखे भाग करतात, म्हणजे बॉल कडेच्या हॅशवर असेल तर एका बाजूला खूप मोकळं मैदान आणि दुसऱ्या बाजूला गल्ली. मोकळ्या बाजूला वेगवान कॉर्नर ठेवतात, गल्लीत टॅकल चांगली असलेला. उत्तरावरून कोच त्याच्याकडे काय म्हणून बघतात ते कळेल.

आणि स्पेशल टीम्स, म्हणजे बॉलला लाथ मारायच्या डावांतले संघ. पंट आणि किकऑफचं काम मुलांना दुय्यम वाटतं, पण एनएफएलच्या ५३ जणांच्या यादीत चौथा-पाचवा कॉर्नर निवडताना बचावाचा कोच जितकं बोलतो तितकंच स्पेशल टीम्सचा कोच बोलतो. कॉलेजातही पहिल्या वर्षी मैदानात उतरायचा तोच मार्ग असतो. पंटवर कडेने धावणारा गनर म्हणून मुलाने स्वतःहून हात वर करावा.

कॉलेजचं गणित थोडं वेगळं मांडतो. डिव्हिजन एक, दोन, तीन असा जिना डोळ्यांसमोर असतो आणि सगळे वरची पायरी बघतात. इंजिनिअरिंग हवं असेल तर आधी कॉलेजं बघा, मग डिव्हिजन. डिव्हिजन तीनमध्ये क्रीडा शिष्यवृत्ती नसते, पण आर्थिक गरजेनुसार आणि मार्कांवर मदत मिळते. रोवन आणि कॉलेज ऑफ न्यू जर्सी तुमच्या राज्यातच आहेत, दोन्हीकडे इंजिनिअरिंगही आहे आणि फुटबॉलही. बाहेर बघायचं तर कार्नेगी मेलन, डब्ल्यूपीआय, आरपीआय, अगदी एमआयटीचाही संघ डिव्हिजन तीनमध्ये खेळतो. आयव्ही लीगमध्येही क्रीडा शिष्यवृत्ती नाही, फक्त गरजेनुसार मदत. लीहाय आणि लाफायेत ही शेजारच्या पेनसिल्व्हेनियातली डिव्हिजन एकची कॉलेजं इंजिनिअरिंगसाठी नावाजलेली आहेत. मोठ्या विद्यापीठांत सध्या सगळं हलतंय: २०२१ पासून खेळाडूंना आपलं नाव जाहिरातींत वापरू देण्याचे पैसे घेता येतात, ट्रान्स्फर पोर्टलमुळे (कॉलेज बदलू पाहणाऱ्या खेळाडूंची यादी) कोच हायस्कूलच्या मुलाऐवजी तयार बावीस वर्षांचा कॉर्नर घेतात, आणि २०२५ च्या कोर्टातल्या तडजोडीनंतर संघ १०५ जणांवर मर्यादित झालेत. परिणामी शिष्यवृत्तीशिवाय वॉक-ऑन म्हणून शिरण्याची जागा आक्रसली आहे. मधल्या फळीतल्या हायस्कूल मुलांसाठी खालच्या डिव्हिजनचं मोल म्हणूनच वाढलंय.

मार्कांचं एवढं लक्षात ठेवा. डिव्हिजन एक आणि दोनसाठी १६ कोअर कोर्स, म्हणजे मुख्य शालेय विषय, लागतात. डिव्हिजन एकसाठी त्यातले दहा बारावी सुरू व्हायच्या आत व्हावे लागतात, आणि कोअर जीपीए (या विषयांची सरासरी श्रेणी) किमान २.३. तुमच्या मुलाला २.३ ची काळजी नसावी, पण ऐच्छिक विषय निवडताना काउन्सिलरकडून कोअरची यादी तपासून घ्या. बारावीत कळून उपयोग नाही. आणि कॉलेजच्या कोचशी बोलताना थेट विचारा: तुमच्या संघात आत्ता इंजिनिअरिंगचे किती खेळाडू आहेत, आणि दुपारची लॅब सरावाच्या वेळेत आली तर काय करता? ‘आम्ही सांभाळून घेतो’ हे उत्तर नव्हे.

व्हिडिओ तीन-चार मिनिटांचा पुरे, सर्वोत्तम पाच डाव सुरुवातीला. त्यात एक प्रेस, एक मागे जाऊन पुढे झेपावलेला डाव, एक मोकळ्या मैदानातली टॅकल आणि एक हवेतल्या बॉलवरची झुंज असलीच पाहिजे. डावाआधी मुलगा कुठे उभा आहे ते बाणाने दाखवा, पार्श्वसंगीत नको. सोबत एका पूर्ण सामन्याची लिंक द्या. कोचला न निवडलेले डाव बघायचे असतात. ‘प्रोफाइल पाठवतो’ म्हणून हजारो डॉलर मागणाऱ्या सेवा मी तरी सुचवत नाही. मुलाने स्वतः लिहिलेली चार ओळींची ईमेल जास्त वाचली जाते, आईवडिलांनी लिहिलेली सहज ओळखू येते.

व्यावसायिक बाजू एका परिच्छेदात उरकतो, कारण त्याला ती कधीतरी समजून घ्यायचीच आहे. ड्राफ्टच्या सात फेऱ्या, ३२ संघ, हायस्कूल संपून तीन वर्षं झाल्याशिवाय पात्रता नाही. निवडलेल्याचा पहिला करार चार वर्षांचा. पहिल्या फेरीतल्यांना संघ पाचवं वर्ष जोडू शकतो. २०२५ मध्ये नवख्याचं किमान वेतन ८,४०,००० डॉलर होतं, पण ते आठवड्यांच्या हिशेबाने मिळतं आणि संघाने मध्येच काढलं तर तिथेच थांबतं. त्या वर्षी सराव संघात आठवड्याला १३,००० डॉलर होते. सरासरी कारकीर्द साडेतीन वर्षांच्या आतबाहेर सांगतात, आणि निवृत्तिवेतनासाठी तीन मोसम लागतात. म्हणजे बरेच जण पंचविशी-सत्ताविशीत दुसरं काम शोधत असतात. त्यातले पुष्कळ कोच होतात, आणि त्यासाठी एनएफएल खेळलेलंच असावं असंही नाही: न्यू जर्सीतल्या अर्व्हिंग्टनचा रहीम मॉरिस हॉफस्ट्रा विद्यापीठात सेफ्टी होता, डीबींचा कोच झाला आणि पुढे अटलांटा फाल्कन्सचा मुख्य कोच.

राहिला वसंताचा प्रश्न. दोन्ही झेपत नसेल तर मी ट्रॅक म्हणेन. १०० आणि २०० मीटर, जमलं तर तिहेरी उडी. शाळेचा संघ असल्याने खर्च नगण्य, धावण्याची पद्धत सुधारते, आणि कॉलेजच्या कोचना दाखवायला खात्रीची वेळ हातात येते. सेव्हन-ऑन-सेव्हनमध्ये कव्हरेजचे डाव भरपूर मिळतात हे खरं. पण तिथे क्वार्टरबॅकवर धावून जाणारं कोणी नसतं, टॅकल नसते, आणि रिसीव्हर सामन्यात कधीच मिळणार नाही इतका वेळ घेऊन तीन-तीनदा वळतो. मुलं मग अंदाजाने उड्या मारायला शिकतात, आणि सप्टेंबरमध्ये ती सवय काढायला कोचचे दोन-तीन आठवडे जातात. शाळेचाच संघ जूनमध्ये मित्रशाळांशी सेव्हन-ऑन-सेव्हन खेळत असेल तर तेवढं पुरे. क्लबचे पैसे वाचले तर जूनमधल्या एक-दोन कॉलेजांच्या एकदिवसीय शिबिरांना द्या. मात्र कॉलेजं अशी निवडा जिथे त्याला खरंच शिकायचंय, आणि जाण्याआधी तिथल्या डीबी कोचला व्हिडिओ पाठवलेला असू द्या. नाहीतर दोनशे मुलांत त्याच्याकडे कोणाचं लक्षही जाणार नाही.